तरंगत्या बेटातला बोगदा

आकाशात तरंगणारी बेटं कल्पनारम्य कथांना आणि गेम्सना नवी नाहीत. त्यांच्या पोटातून बोगदेही खणले जातात. खणणारे मलबा कडेवरून खुशाल ढकलून देतात आणि बेट मात्र जिथल्या तिथे! आर्किमिडीजला हे पटलं नसतं.

बेट ‘गुरुत्वरोधक स्फटिका’मुळे तरंगतं असं म्हटलं, तर पुढे बोलणंच खुंटलं. स्फटिकांच्या नावावर जमिनीवरही पुष्कळ काही खपवलं जातं. आपण एवढीच सवलत घेऊ की बेटाचा दगड फेसासारखा आहे, त्याच्या बंद पोकळ्यांत हेलियम आहे आणि पोकळ्यांच्या भिंती अतिशय पातळ असूनही टिकतात. बाकी सगळं शाळेतलं भौतिकशास्त्र.

बेट १ किलोमीटर लांब, ५०० मीटर रुंद, २०० मीटर जाड, म्हणजे १० कोटी घनमीटर. समुद्रसपाटीजवळ घनमीटरभर हवेचं वजन सुमारे १.२ किलो. तरंगायचं तर बेटाचं वजन त्याने बाजूला सारलेल्या हवेच्या वजनाइतकंच हवं, म्हणून माती, झाडं, घरं धरून ते १.२ लाख टनच असू शकतं. त्यातले १७ हजार टन तर हेलियमचेच. उरलेलं सगळं वजन भरीव दगडाचं मानून एका जागी रचलं, तर ३४ मीटर बाजूचा एक ठोकळा होईल. बस्स!

त्यातला काही दगड तळाशी घट्ट कातळ म्हणून असला पाहिजे, नाहीतर बेट उलटेल. या कातळात ६ मीटर व्यासाचा बोगदा खणला, तर मीटरमागे सुमारे ७६ टन माल निघतो. सोळा मीटर खणून तो खाली टाकला की बेट १,२०० टनांनी, म्हणजे एक टक्क्याने हलकं झालं. दर १०० मीटर उंचीला हवेची घनता साधारण एक टक्क्याने घटते. म्हणून बेट शंभरेक मीटर वर चढतं आणि तिथे पुन्हा स्थिरावतं.

खरी गंमत इथून पुढे आहे. शंभर मीटर वर बाहेरचा दाब सुमारे १.२ टक्क्यांनी कमी होतो, पोकळ्यांतला मात्र तेवढाच राहतो. शेजारशेजारच्या दोन पोकळ्यांमधल्या भिंतीला काही होत नाही, कारण तिच्यावर दोन्हीकडून सारखाच दाब असतो. सगळा मार बसतो तो बाहेरच्या सालीला: चौरस मीटरला सुमारे १२० किलो वजनाइतका, आतून बाहेर. जुनी साल जाड असेल, ती निभावून नेईल. पण बोगद्याची भिंत म्हणजे कालच उघडी पडलेली नवी साल! बोगदा फेसाळ दगडात शिरला की तिथल्या पोकळ्या एकामागून एक फुटू लागतात. दर घनमीटर हेलियमच्या जागी हवा आली की सुमारे एक किलो उचल गेली. शिवाय निसटलेला हेलियम बोगद्याच्या छताशी साचून ऑक्सिजनला बाजूला सारतो. त्याला वास नाही, रंग नाही. हवेतला ऑक्सिजन १९.५ टक्क्यांखाली गेला की माणसं बाहेर काढायची.

यावर आपलं काल्पनिक यंत्र, ‘तोलकवच’. त्याचं तोंड पाणथळ जमिनीत चालणाऱ्या खऱ्या बोगदायंत्रांसारखंच आहे. दगड कापणाऱ्या फिरत्या तबकडीच्या, म्हणजे कटरहेडच्या, मागच्या बंद कप्प्यात बेंटोनाइट नावाच्या चिकणमातीचा पातळ चिखल दाबाखाली भरतात. चिखलातलं पाणी समोरच्या दगडात झिरपतं, मातीचे कण मात्र पृष्ठभागावर अडकून काही मिलीमीटरचा लेप बसतो. चिखलाचा दाब या लेपावर पडतो आणि समोरची भिंत सावरली जाते. दाब कमी पडला तर पोकळ्या कप्प्यात फुटतात, जास्त झाला तर चिखल पातळ भिंती चिरत आत घुसतो. कप्प्याच्या माथ्याशी वायू जमतोच, म्हणून तिथे झडप आणि वायू परत साठवायची नळी हवी. मागोमाग अस्तराची कडी. ३० सेंटिमीटर जाडीचं काँक्रीट वापरलं तर मीटरमागे १३ टन वजन वाढतं. फेसाळ भागात ते परवडणारं नाही, तिथे फेसाळ दगडाच्याच ठोकळ्यांचं अस्तर हवं.

मलबा फेकायचा नाही. तो पट्ट्यावर तोलून बेटावरच ठेवायचा. पण कुठे? हवेत पूर्ण बुडालेली वस्तू सरळ राहते ती प्लावक मध्य (हवेची उचल जिथे लागते तो बिंदू) गुरुत्वमध्याच्या (सगळं वजन जिथे एकवटलं असं मानतात तो बिंदू) वर असतो म्हणून. हे अंतर ५० मीटर धरलं आणि १,२०० टन माल ५०० मीटर बाजूला रचला, तर कलण्याच्या कोनाची स्पर्शज्या (tan) = (१,२०० × ५००) ÷ (१,२०,००० × ५०) = ०.१. म्हणजे जवळजवळ सहा अंश! विहिरीतलं पाणी तिरकं दिसेल, गाडगी गडगडतील. म्हणून माल बोगद्याच्या दोन्ही अंगांना समान वाटून ठेवायचा, आणि शक्य तितका खाली. तळाचा कातळ वर आणून रचला की गुरुत्वमध्य वर सरकतो आणि पुढचा प्रत्येक टन आणखी जास्त कल देतो.

तरीही हिशोब चुकतो, तो पाण्यामुळे. मलबा ओला तोलला जातो आणि नंतर वाळतो. त्याहून वाईट पाऊस: १० मिलीमीटर पाऊस बेटावर मुरला तर ५,००० टन, म्हणजे बेट चारशे मीटर खाली. तोलकवच उतरवण्याआधी कामगारांच्या हाती फावडी द्यायची ती गटारं खणायला.