अलेक्सांद्र सुवोरोव्ह (प्रवासी नौका)

अलेक्सांद्र सुवोरोव्ह : व्होल्गा व डॉन नद्यांवर सहलींसाठी वापरली जाणारी सोव्हिएत काळातील चार मजली प्रवासी नौका. १८ व्या शतकातील रशियन सेनापतीचे नाव तिला दिले आहे. तत्कालीन चेकोस्लोव्हाकियातील कोमार्नो येथील गोदीत १९८१ मध्ये ती बांधण्यात आली. लांबी सु. १३६ मी.; वेग ताशी सु. २५ किमी. रस्तोव्ह-ना-दोनू ते मॉस्को हा तिचा मार्ग व्होल्गा-डॉन कालव्यातून (१९५२ मध्ये खुला) जात असे. हिवाळ्यात नद्या गोठत, त्यामुळे सहली उन्हाळ्यापुरत्याच.

५ जून १९८३ रोजी रात्री, व्होल्गाकाठच्या उल्यानोव्स्क शहरातील रेल्वेपुलाखालून जाताना नौका पूर्ण वेगात सहाव्या गाळ्यात (पुलाच्या दोन खांबांमधील जागेत) शिरली. हा गाळा जहाजांसाठी नव्हता. त्याची उंची अपुरी होती. पुलाच्या तुळयांनी सुकाणूघर व सर्वांत वरचा मजला कापून काढला. वरच्या मजल्यावरील चित्रपटगृहात त्या वेळी प्रवाशांची गर्दी होती. त्याच सुमारास पुलावर मालगाडी होती; तिच्या काही वाघिणी उलटून धान्य, कोळसा व ओंडके खाली कोसळले. खालचे मजले मात्र बरेचसे शाबूत राहिले.

कारणांबाबत मतभेद आहेत. पहाऱ्यावरचा अधिकारी व सुकाणूवाला दोघेही दगावल्याने थेट साक्ष उरली नाही. पुलावरील मार्गदर्शक दिवे लागलेले नव्हते, असे एक मत. दुसऱ्या मतानुसार, सहाव्या गाळ्यावरील पहारेकऱ्याची खोली संधिप्रकाशात जलमार्गाच्या खुणेसारखी दिसली. या दोन्ही गोष्टींनी चूक सोपी केली असावी; तथापि नौकेच्या पहाऱ्यावरील दुर्लक्ष हे मूळ कारण अधिक संभवनीय वाटते. आपल्या खोलीत विश्रांती घेत असलेल्या कप्तानाला १० वर्षांची शिक्षा झाली.

मृतांचा अधिकृत आकडा १७६ आहे. कर्मचाऱ्यांचे नातलग नोंदीविना नौकेवर असत, या आधारे काहींनी तो ६०० पर्यंत नेला आहे. नोंदीप्रमाणे नौकेवर चारशेच्या आसपास माणसे होती व त्यांतील बरीच वाचली. त्यामुळे ६०० हा आकडा ग्राह्य धरणे कठीण आहे. बिननोंदीच्या माणसांमुळे खरी संख्या १७६ हून काहीशी अधिक असू शकेल. सोव्हिएत वृत्तपत्रांतील बातमी अगदी त्रोटक होती. मृतांच्या घरच्यांना पुरेशी माहिती मिळण्याचा हक्क त्यातून डावलला गेला.

दुरुस्तीनंतर नौका त्याच नावाने पुन्हा प्रवाशांच्या सेवेत आली.