इंजिनाच्या पोटातले पाणी

जुलैच्या दुसऱ्या आठवड्यात, पावसाने जरा उघडीप दिल्यावर, मी आमच्या छोट्या गाडीचे बॉनेट उघडले आणि इंजिनात ऑइल ओततात त्या तोंडाचे झाकण फिरवून काढले. झाकणाच्या आतल्या बाजूला फिकट पिवळसर, दुधावरच्या सायीसारखा मऊ थर जमला होता. त्याला वास ऑइलचाच होता, पण दोन बोटांत चोळल्यावर त्यातून पाण्याचा बारीक थेंब सुटला. अशी साय दिसली की पहिली शंका हेड गॅस्केट, म्हणजे इंजिनाचे वरचे हेड आणि खालचा ब्लॉक यांच्यामधली सांधा बंद करणारी पट्टी, गेल्याची येते, कारण इंजिन थंड ठेवणारे कूलंट गळून ऑइलमध्ये मिसळले तर असाच पांढुरका लोण्यासारखा थर तयार होतो आणि दुरुस्तीचा खर्च मोठा असतो. पण डिपस्टिकवरचे, म्हणजे ऑइलची पातळी मोजायच्या पट्टीवरचे, ऑइल स्वच्छ होते, त्याची पातळी वाढलेली नव्हती आणि कूलंटच्या टाकीतली पातळी तर महिनाभर जागची हलली नव्हती. म्हणजे हे पाणी बाहेरून आले नव्हते किंवा कूलंटमधूनही आले नव्हते. ते इंजिनानेच तयार केले होते.

पेट्रोल हे कार्बन आणि हायड्रोजन यांच्या संयुगांचे मिश्रण आहे आणि ते जळताना त्यातल्या हायड्रोजनचे पाणी होते. हे पाणी थोडेथोडके नसते. एक लिटर पेट्रोल पूर्ण जळले की साधारण एक लिटर पाणी तयार होते. त्यातले बहुतेक वाफेच्या रूपाने सायलेन्सरमधून निघून जाते; सकाळी गाडी सुरू केल्यावर सायलेन्सरच्या तोंडातून टपकणारे थेंब हेच. मात्र जळलेल्या वायूचा थोडा भाग पिस्टनच्या रिंगांच्या फटींतून खाली, ऑइल असलेल्या पेटीत शिरतो आणि वाफ बरोबर नेतो. इंजिन पुरेसे तापलेले असेल तर ही वाफ ऑइलमध्ये टिकत नाही. ती एका झडपेतून पुन्हा हवेच्या मार्गात ओढली जाते आणि बाहेर पडते. इंजिन थंडच राहिले, तर ती सर्वांत गार भागावर, म्हणजे झाकणावर आणि वरच्या कव्हरवर, दवासारखी जमते. कूलंट काही किलोमीटरांत तापते, पण ऑइलला पूर्ण तापायला त्याहून बराच जास्त वेळ लागतो. आमची गाडी म्हापशातल्या म्हापशात बाजार, शाळा आणि देऊळ अशा तीन-चार किलोमीटरांच्या फेऱ्या करते, आणि पावसाळ्यात आत ओढली जाणारी हवाच मुळात ओलीचिंब असते. वाफ निघून जाण्याआधीच इंजिन बंद होते.

छोट्या पेट्रोल इंजिनाच्या टिकाऊपणाचा विचार करताना आपण किलोमीटर मोजतो, आणि माझ्या मते गोव्यात तरी ते मोजमाप अपुरे आहे. एक लाख किलोमीटर सरासरी ताशी ४० किलोमीटर वेगाने चाललेली गाडी २,५०० तास धावलेली असते. इंजिनाच्या मिनिटाला सरासरी २,००० फेऱ्या धरल्या तर ते तीस कोटी फेऱ्या फिरलेले असते. एवढे फिरूनही ते झिजून संपत नाही, कारण क्रँकशाफ्ट, म्हणजे इंजिनातला फिरणारा मुख्य दांडा, आणि त्याला आधार देणारे बेअरिंग यांच्यामध्ये ऑइलचा अतिशय पातळ थर दाबाने उभा राहतो आणि धातू धातूला जवळजवळ शिवतच नाही. तो थर उभा राहण्यापूर्वीचे, म्हणजे थंड इंजिन सुरू होतानाचे, क्षण झिजेच्या दृष्टीने सर्वांत महाग असतात. त्यात ऑइलमध्ये पाणी साचले, तर ज्वलनातून आलेल्या वायूंबरोबर त्याचे सौम्य आम्ल बनते आणि तेच बेअरिंगच्या मऊ धातूला खाऊ लागते. महामार्गावर रोज साठ किलोमीटर धावणारी गाडी म्हणूनच गावातल्या गावात रोज सहा किलोमीटर फिरणाऱ्या गाडीपेक्षा निरोगी राहू शकते. ऑइल बदलण्यासाठी पुष्कळ गाड्यांच्या पुस्तिकांत दहा हजार किलोमीटर किंवा एक वर्ष, यांपैकी जे आधी येईल ते, असे लिहिलेले असते. पण छोट्या फेऱ्यांचा वापर खडतर समजून ही मुदत कमी करावी, अशी सूचनाही बऱ्याचदा त्याच पुस्तिकेत मागच्या पानावर असते. मी आता दर सहा महिन्यांनी ऑइल आणि फिल्टर बदलतो, मग किलोमीटर कितीही झालेले असोत.

आपल्याकडे घरोघरी दिसणारा आणखी एक प्रकार याच कुळातला आहे. घरातला कर्ता बोटीवर किंवा आखातात नोकरीला असतो, गाडी सहा-सात महिने पोर्चमध्ये उभी असते, आणि बॅटरी उतरू नये म्हणून घरातले कोणीतरी दर रविवारी ती पाच मिनिटे जागेवरच चालू ठेवते. हेतू चांगला असतो, पण त्या पाच मिनिटांत इंजिन पेट्रोल जाळून पाणी तयार करते आणि ते उडवून लावण्याइतके तापत नाही. सायलेन्सरही आतून गंजतो. त्यापेक्षा आठवड्या-दोन आठवड्यांतून एकदा अर्धा तास रस्त्यावर चालवणे कितीतरी चांगले. तेवढेही शक्य नसेल तर बॅटरीची ऋण तार सोडवून गाडी शांत उभी राहू द्यावी. पावसाळ्यात बॉनेटखाली उंदीर घर करतात आणि वायरी कुरतडतात, तेव्हा अधूनमधून बॉनेट मात्र उघडून पाहावे.

पण आमच्या गाडीतल्या सायीला छोट्या फेऱ्यांबरोबर आणखी एक कारण होते, आणि ते शोधताना मला दोन महिने मागे, मे महिन्यातल्या एका प्रवासापाशी जावे लागले. आम्ही बेळगावला निघालो होतो. साखळी, केरी मागे टाकून चोर्ला घाट चढू लागल्यावर तापमानाचा लाल दिवा लागला. गाडी कडेला घेतली, इंजिन बंद केले आणि पाऊण तास सावलीत बसून राहिलो. गरम इंजिनाच्या रेडिएटरचे झाकण उघडायचे नसते, हे वडिलांनी पूर्वीच बजावले होते. त्यामागचे कारण साधे आहे. झाकणाची स्प्रिंग आत वातावरणाहून सुमारे एक पट जास्त दाब टिकवून ठेवते, आणि त्या दाबामुळे निम्मे ग्लायकॉल असलेले कूलंट सव्वाशे अंशांच्या आसपास जाईपर्यंत उकळत नाही. झाकण सैल करताच दाब उतरतो, शंभराच्या बऱ्याच वर तापलेला द्रव त्याच क्षणी उकळतो आणि उसळून हातातोंडावर येतो.

परत आल्यावर ज्या गॅरेजमध्ये गाडी दिली, तिथल्या मेस्त्रींनी थर्मोस्टॅट अडकल्याचे अचूक ओळखले. मात्र त्यांनी तो बदलला नाही, काढूनच टाकला, आणि आपल्याकडे बर्फ पडत नाही तेव्हा याची गरज नाही, असे सांगून विहिरीचे पाणी भरून दिले. ही समजूत इतकी सर्वत्र पसरलेली आहे की मीही तेव्हा मान डोलावली.

थर्मोस्टॅट ही आतल्या मेणावर चालणारी छोटी झडप आहे. इंजिन थंड असताना ती रेडिएटरकडची वाट बंद ठेवते, म्हणजे तेच थोडे द्रव इंजिनातच फिरून लवकर तापते. ठरलेल्या तापमानाला मेण वितळून फुगते, आतली दांडी ढकलते आणि वाट उघडते. ती काढली की द्रव पहिल्या मिनिटापासून रेडिएटरमधून फिरते आणि इंजिन गोव्याच्या हवेतही कोमटच राहते. इंजिनाला इंधन मोजून देणाऱ्या गाडीतल्या संगणकाला वाटते की इंजिन अजून तापायचे आहे, म्हणून तो जास्त पेट्रोल सोडत राहतो. ते जादा पेट्रोल सिलिंडरच्या भिंतींवरचे ऑइल धुऊन काढते, ठिणगी देणारे प्लग काळे पडतात आणि गाडी पेट्रोल जास्त पिते. आमच्या डॅशबोर्डवरचा, थंड इंजिन दाखवणारा निळा दिवा पूर्वी दीड-दोन किलोमीटरांत विझायचा. तो आता शाळेपर्यंत तसाच लागलेला असायचा, आणि माझ्या लक्षात यायला जुलै उजाडावा लागला.

नवा थर्मोस्टॅट बसवण्यापूर्वी मी गॅरेजमधून जुनाही मागून घेतला आणि दोन्ही दोऱ्याने बांधून पाण्याच्या टोपात सोडले, पाण्यात थर्मामीटर धरला आणि गॅस पेटवला. नव्यावर ८२ हा आकडा कोरलेला होता. ऐंशीपर्यंत काही घडले नाही. ८३-८४ अंशांना पितळी तबकडी कडेपासून केसभर सुटलेली दिसली, आणि पाणी उकळू लागेपर्यंत ती जवळजवळ आठ मिलिमीटर उघडली. जुना मात्र, पाणी खळखळून उकळले तरी, तिरका होऊन जेमतेम निम्मा उघडला. घाटातला लाल दिवा त्या तिरकेपणातून लागला होता. ही परीक्षा कोणत्याही स्वयंपाकघरात करता येते आणि नवा भाग घेतानाही ती करून पाहावी, असे मी आग्रहाने सांगेन.

विहिरीच्या पाण्याचा मुद्दाही तितकाच गंभीर आहे. आपल्या जांभ्या जमिनीतल्या पाण्यात लोह असते, खाजनांच्या, म्हणजे खाडीकाठच्या सखल शेतजमिनींच्या, आणि किनाऱ्याच्या आसपास ते मचूळही असते, आणि क्षारांतले क्लोराइड ॲल्युमिनियमला पोखरते. कूलंट म्हणजे नुसते रंगीत पाणी नव्हे. त्यातली गंजरोधक द्रव्ये धातूवर संरक्षक थर राखतात आणि ती काही वर्षांत संपतात, म्हणून ते मुदतीत बदलावे लागते. माझ्या गाडीतून काढलेले पाणी कोऱ्या चहाच्या रंगाचे होते. असा गंज रेडिएटरच्या बारीक नळ्यांत बसला की इंजिन तापू लागते. पुष्कळ इंजिनांत वरचे हेड ॲल्युमिनियमचे आणि खालचा ब्लॉक बिडाचा असतो. समान तापमानवाढीला ॲल्युमिनियम बिडाच्या जवळजवळ दुप्पट प्रसरण पावते. तीस सेंटिमीटर लांबीचे हेड शंभर अंशांनी तापले तर सुमारे ०.७ मिलिमीटर वाढते, तेवढाच बिडाचा ब्लॉक ०.३५ च्या आत राहतो. मधल्या गॅस्केटला हा फरक रोज सोसायचा असतो, आणि इंजिन अति तापल्यास हेड कायमचे वाकते. बऱ्याच इंजिनांत ०.०५ मिलिमीटरहून अधिक वाक चालत नाही. म्हणून लाल दिवा दिसल्यावर पुढच्या गावापर्यंत जाऊ या असा विचार करू नये. कूलंट पूर्ण गळून गेले असेल तर तापमानाचा सेन्सर वाफेत उघडा पडतो आणि काटा उलट खालीही येऊ शकतो, हेही लक्षात ठेवावे.

पर्वरीच्या कोंडीत गाडी तापते आणि मोकळ्या रस्त्यावर निवते, असे असेल तर बहुधा रेडिएटरचा पंखा, त्याचा रिले किंवा फ्यूज बिघडलेला असतो. गाडी उभी असताना एसी गार हवा देत नसेल तर शंका आणखी पक्की होते. उलट वेगात किंवा चढावर तापत असेल तर रेडिएटर, थर्मोस्टॅट किंवा पाण्याचा पंप तपासावा. मिरामार, कळंगुटसारख्या ठिकाणी वर्षानुवर्षे उभ्या राहणाऱ्या गाड्यांच्या रेडिएटरच्या पातळ पत्र्या खाऱ्या वाऱ्याने इतक्या कुजतात की बोट लावताच त्यांचा भुगा होतो, आणि बाहेरून रेडिएटर गळत नसल्याने तो ठीकच आहे असे वाटत राहते.

विजेच्या बाजूचे बिघाडही ओलाव्यामुळेच वाढतात. जुन्या गाडीतल्या प्लगच्या वायरींना बारीक चिरा पडल्या की वीस हजार व्होल्टहून अधिक दाबाची वीज ओल्या पृष्ठभागावरून भलतीकडे निसटते. रात्री अंधारात बॉनेट उघडून पाहिल्यास ती निळसर ठिणगी डोळ्यांनी दिसते. तीन सिलिंडरांतला एक चुकला तरी गाडी हिसके देत चालते, आणि लोक तशीच चालवतात. त्यात न जळलेले पेट्रोल पुढे कॅटॅलिटिक कन्व्हर्टरमध्ये, म्हणजे धूर कमी विषारी करणाऱ्या भागात, जाऊन पेटते आणि त्याची आतली चिनी मातीची जाळी वितळवते. काहीशे रुपयांच्या वायरीकडे दुर्लक्ष करून हजारोंचा भाग गमावण्याची ही सरळ वाट आहे.

२०२३ पासून पंपांवर येऊ लागलेल्या, २० टक्के इथेनॉल मिसळलेल्या पेट्रोलविषयीही मला सारखे विचारले जाते. इथेनॉलची ऊर्जा दर लिटरमागे पेट्रोलच्या सुमारे दोन तृतीयांश असते, त्यामुळे या मिश्रणात सहा-सात टक्के ऊर्जा कमी असणे स्वाभाविक आहे. इथेनॉल पाणी शोषून घेते, आणि पाणी फार झाले तर ते दोन्ही वेगळे होऊन टाकीच्या तळाशी बसतात. तिथूनच पंप इंधन ओढतो. रोज चालणाऱ्या गाडीत हे सहसा घडत नाही. महिनोन्महिने उभ्या राहणाऱ्या गाडीच्या टाकीचे झाकण घट्ट असावे, आणि जुन्या गाडीतल्या रबरी इंधननळ्या वर्षातून एकदा वाकवून, चिरा पडल्या आहेत का ते पाहावे. टायमिंग बेल्ट, म्हणजे इंजिनाच्या झडपांची उघडझाप वेळेवर करवणारा रबरी पट्टा, असलेल्या गाडीत तोही वर्षांच्या हिशोबाने बदलावा, कारण रबर उभ्या गाडीतही म्हातारे होते.

राहिले बाहेरचे पाणी. जोराचा पाऊस आणि मांडवीची भरती एकाच वेळी आली की पणजीत मळा या वस्तीसारख्या सखल भागांतले रस्ते भरतात आणि छोटी गाडी त्यात उतरते. हवा पाण्यासारखी नसते. ती दाबली जाते. एक लिटरच्या तीन सिलिंडरांच्या इंजिनात पिस्टन वर पोहोचल्यावर, दहास एक दाबप्रमाण (म्हणजे पिस्टन खाली असतानाच्या जागेचा दहावा भाग वर उरतो असे) धरले तर, प्रत्येक सिलिंडरमध्ये सुमारे ३७ घन सेंटिमीटर जागा उरते. लहान वाटीच्या तळाशी मावेल त्याहून थोडे अधिक पाणी हवेच्या नळीतून आत गेले की पिस्टनला वर यायला जागाच राहत नाही, आणि फिरणाऱ्या इंजिनाचा सारा जोर पिस्टनला क्रँकशाफ्टशी जोडणाऱ्या कनेक्टिंग रॉडवर येऊन तो वाकतो. गाडी पाण्यात बंद पडली तर पुन्हा चावी फिरवू नये. बहुतेक रॉड त्या दुसऱ्या प्रयत्नातच वाकतात. गाडी ढकलून कोरड्या जागी आणावी, एअर फिल्टर ओला आहे का ते पाहावे, आणि असेल तर तिन्ही प्लग काढून मेस्त्रीकडून इंजिन हाताने फिरवून घ्यावे, म्हणजे आतले पाणी प्लगच्या भोकांतून बाहेर पडेल. त्यानंतर डिपस्टिक काढावी, आणि तिच्यावर ती पिवळसर साय दिसली तर ऑइल व फिल्टर बदलल्याशिवाय इंजिन सुरू करू नये.