शूट सुरू झाल्यावर गोष्ट बदलता येते का?

आम्ही जग कसं निर्माण झालं याच्या कथांवर बाहुल्यांच्या स्टॉप-मोशन फिल्म करतो. हे जवळजवळ प्रत्येक क्लायंट विचारतो, तेही निम्मं शूट झाल्यावर, म्हणून लिहूनच ठेवतोय.

स्टॉप-मोशनमध्ये सेकंदाला 24 फ्रेम, एक पोज दोन फ्रेम धरली तरी 12 फोटो, म्हणजे मिनिटाला 720, आणि दर फोटोआधी कुणीतरी बाहुली हाताने केसभर सरकवलेली असते. आता मध्य अमेरिकेतल्या माया लोकांच्या 'पोपोल वूह' या ग्रंथात देव आधी चिखलाचा माणूस करतात, तो विरघळतो, मग लाकडाचे करतात, त्यांना काळीजच नसतं, शेवटी मक्याचे जमतात. चिखलवाला विरघळतो तेव्हा आमची बाहुलीपण खरंच गेलेली असते हो, दाबून दाबून तिचा गोळा झालेला असतो. आणि मग फोन येतो, "आधीच्या सीनमध्ये त्याला जरा हसरा करा ना."

पण खरा घोळ व्हर्जनचा. पश्चिम आफ्रिकेतल्या योरुबा लोकांच्या कथेत देव साखळीवरून खाली उतरतो, पाण्यावर वाळू टाकतो आणि पाच बोटांची कोंबडी ती पसरवून जमीन करते. कुठे हे सगळं ओबाताला करतो, कुठे तो ताडी पिऊन झोपतो आणि ओडुडुवा काम उरकतो. दोन्ही सांगितल्या जातात, चूक कुठलीच नाही. एका क्लायंटला दुसरं व्हर्जन सापडलं तेव्हा आमची कोंबडी अर्धी जमीन पसरून बसली होती! विस्कटलेली वाळू कणाकणाने होती तशी लावता येत नाही, सीन पहिल्यापासून केला.

म्हणून आम्ही स्टोरीबोर्ड (सीनची क्रमाने काढलेली चित्रं) आणि अ‍ॅनिमॅटिक (तीच चित्रं वेळेनुसार जोडलेला कच्चा व्हिडिओ) यांवर शूटआधी सही घेतो. काहींना तो हट्ट वाटतो, पण सहीआधी हवे तितके बदल करा, तिथे फक्त चित्रं बदलतात. नंतर आवाज, संगीत, टायटल बदलतात, बाहुल्या नाही. शक्यतो पात्रांना संवाद न देता निवेदकच ठेवा, लांबी जुळली की वाक्यं शेवटपर्यंत बदलता येतात.

दोन-तीन कथा एकत्र करायच्या असतील तर उत्तमच, आकाशाचा सेट एकच वापरता येतो. फक्त न्यूझीलंडच्या माओरींचा देव ताने पाठीवर झोपून पायांनी आकाश ढकलतो आणि चीनच्या कथेतला पांगू आकाश-जमिनीच्या मध्ये उभा राहून 18,000 वर्षं वाढत जातो, त्यामुळे बाहुल्या वेगळ्याच लागणार, "एकच चालेल ना" विचारू नका.

पहिल्या मीटिंगला तुम्ही वाचलेल्या व्हर्जनच्या पानाचा फोटो तेवढा आणा.