पार्श्वभूमी : दुसऱ्या गोळीसाठी घडलेली रायफल

नवी प्रिसिजन रायफल रेंजवर आली की पहिला प्रश्न ठरलेला : ग्रुप किती? शंभर मीटरवर पाच गोळ्या मारायच्या आणि कागदावरच्या सर्वांत दूरच्या दोन भोकांमधलं अंतर मोजायचं. ते तीन सेंटिमीटरच्या आत भरलं की माना डोलतात, कारण एक मिनिट ऑफ अँगल, म्हणजे अंशाचा साठावा भाग, शंभर मीटरवर साधारण २.९ सेंटिमीटर होतो. प्रत्येक गोळीआधी बोल्ट हाताने पुढे-मागे करावा लागणाऱ्या बोल्ट-अ‍ॅक्शन रायफलीला ही मोजपट्टी शोभते. पुढची गोळी आपोआप भरणाऱ्या सेमी-ऑटोमॅटिकला ती लावली की अर्धीच गोष्ट कळते.

मोजपट्टी जुनी आहे. १८६० साली विम्बल्डनला ब्रिटनच्या नॅशनल रायफल असोसिएशनची पहिली स्पर्धा झाली, तेव्हा व्हिटवर्थ रायफल आधीच एका चौकटीत घट्ट बसवून नेम धरून ठेवलेली होती. व्हिक्टोरिया राणीने दोरी ओढली आणि ४०० यार्डांवर गोळी जवळपास मध्यात बसली. कौशल्य सगळं चौकट बसवणाऱ्याचं, टाळ्या राणीला! पण माणूस बाजूला काढून नुसती बंदूक तपासायची, हा विचार त्यात होता.

मुंबईकर नेमबाजाचा कानही एका गोळीलाच सरावलेला. वरळीच्या रेंजवर अंजली भागवत, सुमा शिरूर यांच्यासारख्या नेमबाज घडल्या त्या एअर रायफलवर, आणि ती दर वेळी हाताने भरावी लागते. देशपातळीवरची संघटना १९५१ साली उभी राहिली ती लोकसभेचे पहिले अध्यक्ष दादासाहेब मावळणकर यांच्या पुढाकाराने. त्यांच्या नावाची स्पर्धा आजही राष्ट्रीय स्पर्धेची पायरी आहे. या परंपरेत वाढलेल्याला सेमी-ऑटोमॅटिक जरा आडदांड वाटते, आणि त्याला कारण आहे. ट्रिगर एकदा दाबला की सुटते एकच गोळी, पण बहुतेक अशा रायफलींत बॅरलमधला थोडा गॅस वळवून पिस्टन ढकलला जातो, रिकामी पुंगळी बाहेर पडते आणि पुढची गोळी आपोआप चेंबरमध्ये बसते. पहिली गोळी नळीच्या तोंडापर्यंत पोहोचण्याआधीच ही हालचाल सुरू होऊ शकते, आणि नेम बिघडायला तेवढा हादरा पुरतो.

सोव्हिएत सैन्याने याची किंमत मोजली. टोकारेव्हच्या एसव्हीटी-४० या सेमी-ऑटोमॅटिक रायफलीवर दुर्बीण चढवून ती स्नायपरना दिली, पण गोळ्या हव्या तशा एका जागी पडेनात. १९४२ मध्ये ते निमूटपणे जुन्या बोल्टवाल्या मोसिनकडे परतले. वीसेक वर्षांनी येवगेनी ड्रॅगुनोव्ह यांनी कोडं सोडवलं. हा गृहस्थ आधी स्पर्धेच्या रायफली बनवायचा, आणि १९६३ ला स्वीकारलेल्या एसव्हीडी या सेमी-ऑटोमॅटिक स्नायपर रायफलीचा कोरून हलका केलेला दस्ता पाहिला की ते लपत नाही. तिच्यासाठी खास काडतूस आलं ते १९६७ मध्ये. साध्या काडतुसांपेक्षा गोळ्यांचा पसारा त्याने चांगलाच आटला. म्हणून गोळ्या कुठल्या वापरल्या हे न सांगता दाखवलेल्या ग्रुपवर मी विश्वास ठेवत नाही. पुढे १९७५ मध्ये चिलखतभेदी आगलावी गोळी स्थिर राहावी म्हणून बॅरलमधल्या खाचांचा एक पूर्ण पीळ ३२० वरून २४० मिलिमीटरवर आणला, आणि नेहमीच्या गोळीची अचूकता घसरली. हीच ड्रॅगुनोव्ह भारतीय सैन्याने अनेक दशकं वापरली. तिरुचिरापल्लीच्या कारखान्यात ती बनलीही.

दुसरी वाट पोलिसांची. १९७२ च्या म्युनिक ऑलिम्पिकमध्ये इस्रायली खेळाडूंना ओलीस धरलं गेलं. विमानतळावर हल्लेखोर आठ निघाले, नेमबाज होते पाच, तेही स्नायपर म्हणून तयार केलेले नव्हते आणि त्यांच्या रायफलींना दुर्बिणी नव्हत्या. त्या धड्यातून हेक्लर अँड कोख या जर्मन कंपनीची पीएसजी-१ ही सेमी-ऑटोमॅटिक स्नायपर रायफल जन्मली. तिच्याबद्दल सांगितली जाणारी कारखान्याची अट ऐकण्यासारखी आहे : ३०० मीटरवर ५० गोळ्या ८० मिलिमीटरच्या वर्तुळात. पाच नव्हे, पन्नास! बॅरल तापल्यावर नेम कुठे सरकतो, पन्नासदा पुढे-मागे झालेला बोल्ट तेवढ्याच घट्ट बसतो का, हे पाच गोळ्यांत कळत नाही.

मुंबईला हा हिशेब २६ नोव्हेंबर २००८ च्या रात्री कळला. सीएसएमटीवर, तेव्हाच्या सीएसटीवर, रेल्वे सुरक्षा दलाचे झिल्लू यादव यांनी सहकाऱ्याची .३०३ ही बोल्ट-अ‍ॅक्शन रायफल घेऊन हल्लेखोरांवर गोळी झाडली. .३०३ अचूक आहे, त्यात वाद नाही. पण प्रत्येक गोळीमागे बोल्ट उचलायचा, मागे ओढायचा, पुढे ढकलायचा. समोर एके-४७ होत्या.

२०१९ मध्ये भारतीय सैन्याने सेमी-ऑटोमॅटिक आणि बोल्ट या दोन्ही वाटा एकदमच धरल्या. ७२,४०० सिग ७१६ रायफलींचा करार झाला, ७.६२ × ५१ मिलिमीटरच्या. लांब पल्ल्यासाठी मात्र .३३८ ची बेरेटा स्कॉर्पिओ टीजीटी घेतली, म्हणजे पुन्हा बोल्ट. सामान्य नागरिकाला ७.६२ ची सेमी-ऑटोमॅटिक सहज मिळत नाही. परवाना केंद्रीय गृहखात्याच्या हातात. त्यामुळे या चाचण्या प्रामुख्याने दलांच्या रेंजवरच होतात.

तिथे कधी पाहायला मिळालं तर कागदाआधी घड्याळाकडे बघावं. थंड बॅरलची पहिली गोळी कुठे लागली, आणि धक्का ओसरून दुर्बिणीत लक्ष्य पुन्हा दिसायला, दुसरी गोळी पहिलीशेजारी बसायला किती सेकंद गेले.