त्सिओल्कोव्हस्की अंतराळप्रवास-इतिहास संग्रहालय, कालूगा

रशियातील कालूगा शहरी असलेले हे शासकीय संग्रहालय अंतराळप्रवासाच्या इतिहासाला वाहिलेले असून त्याला रॉकेटविद्येचे आद्य उपपत्तिकार कन्स्टंटीन त्सिओल्कोव्हस्की (१८५७–१९३५) यांचे नाव दिलेले आहे. कालूगा हे मॉस्कोच्या नैर्ऋत्येस ओका नदीकाठी वसले आहे. पहिले अंतराळवीर यूरी गागारिन यांनी आपल्या उड्डाणानंतर दोनच महिन्यांनी, १३ जून १९६१ रोजी, इमारतीची कोनशिला बसवली आणि ३ ऑक्टोबर १९६७ रोजी संग्रहालय खुले झाले. त्याच्या उभारणीत लक्ष घालणारे सोव्हिएत रॉकेटांचे मुख्य अभिकल्पक सेर्गेई कोरोल्येव जानेवारी १९६६ मध्येच निवर्तले होते.

‘जगातील पहिले अंतराळ-संग्रहालय’ हा त्याचा लौकिक जपूनच स्वीकारावा लागतो. वॉशिंग्टनच्या राष्ट्रीय हवाई संग्रहालयाची स्थापना १९४६ मधली असून त्याच्या नावात अंतराळाचा समावेश १९६६ मध्ये, म्हणजे कालूगाच्या उद्‌घाटनाआधी, झाला. तथापि तेथे विमानविद्येचाही तितकाच वाटा आहे. उलट, खुद्द कालूगात त्सिओल्कोव्हस्की यांचे राहते घर १९३६ पासून संग्रहालय म्हणून जतन केलेले आहे, पण ते मूलतः व्यक्तिस्मारक होय. त्यामुळे केवळ अंतराळप्रवासासाठी मुद्दाम बांधलेले पहिले मोठे संग्रहालय, एवढा मर्यादित दावा अधिक सयुक्तिक दिसतो. मॉस्कोतील तत्सम संग्रहालय १९८१ मधले आहे.

कालूगाची निवड १८९२ पासून तेथे शिक्षकी करणाऱ्या त्सिओल्कोव्हस्की यांच्यामुळे झाली. रॉकेटच्या वेगातील वाढ ही वायूंच्या उत्सर्जनवेगावर आणि आरंभीच्या व अखेरच्या वस्तुमानांच्या गुणोत्तराच्या लॉगरिथमवर अवलंबून असते, हे त्यांचे सूत्र. त्याच्या हस्तलिखितावर जुन्या रशियन पंचांगानुसार १० मे १८९७ ही तारीख आढळते, प्रसिद्धी मात्र १९०३ मधली आहे. ब्रिटिश गणिती विल्यम मूर यांनी १८१३ च्या सुमारास तत्सम मांडणी केली होती; रशियन गणिती इव्हान मेश्चेर्स्की यांचा बदलत्या वस्तुमानाच्या गतीवरील प्रबंधही १८९७ चाच, आणि पुढे अमेरिकेतील रॉबर्ट गॉडर्ड व जर्मनीतील हेर्मान ओबेर्ट या रॉकेटसंशोधकांनी स्वतंत्रपणे तोच मार्ग धरला. सूत्राच्या अग्रक्रमापेक्षा ते पृथ्वीबाहेरील प्रवासाशी आणि द्रव हायड्रोजन-ऑक्सिजन या इंधनजोडीशी जोडण्यातच त्सिओल्कोव्हस्की यांचे श्रेय अधिक निर्विवाद ठरते. त्यांचे बहिरेपण बालपणीच्या लोहितांगज्वरातून (स्कार्लेट फीव्हर) आले. ऐकण्यासाठी त्यांनी स्वतः बनवलेले पत्र्याचे लांब कर्णे स्मारकगृहात ठेवलेले आहेत.

संग्रहालयातील मूळ यानांमध्ये ‘वोस्तोक-५’ या सोव्हिएत यानाचा अवतरणकक्ष (पृथ्वीवर परतणारा गोलाकार भाग) विशेष महत्त्वाचा आहे. जून १९६३ मध्ये व्हॅलेरी बिकोव्हस्की यांनी त्यातून जवळजवळ पाच दिवस एकट्याने प्रवास केला व तो एकट्याच्या उड्डाणाचा उच्चांक अद्याप मोडलेला नाही. सुमारे २·३ मी. व्यासाच्या या गोलाचे उष्णतारोधक आवरण वातावरणात शिरतानाच्या प्रखर उष्णतेने करपलेले दिसते. बिकोव्हस्की या गोलात बसून जमिनीवर उतरले नाहीत. वोस्तोक यानांत अंतराळवीर सुमारे ७ किमी. उंचीवर आसनासह बाहेर फेकला जाई आणि वेगळ्या हवाई छत्रीने उतरे. गागारिन यांच्याबाबत ही गोष्ट सोव्हिएत अधिकाऱ्यांनी अनेक वर्षे उघड केली नव्हती, कारण वैमानिकाने यानासह उतरणे ही विक्रमनोंदीची अट होती.

आवारातील सुमारे ३८ मी. उंचीचा वोस्तोक प्रक्षेपक १९७३ मध्ये उभारण्यात आला. संग्रहालयात तारामंडळही आहे. विस्तारित इमारत एप्रिल २०२१ मध्ये, गागारिन यांच्या उड्डाणाच्या साठाव्या वर्षी, खुली करण्यात आली.