बेबी नंदा: 'छोटी बहन'च्या आधीची आणि नंतरची

अभिनेत्री नंदा म्हटलं की आजही बहुतेकांना 'भैया मेरे राखी के बंधन को निभाना' आठवतं. तो 'छोटी बहन' १९५९चा. पण तोवर कॅमेऱ्यापुढे उभं राहून तिला दहा-अकरा वर्षं झाली होती, आणि ती वर्षं समजून घ्यायची तर कोल्हापूरपासून सुरुवात करावी लागते.

नंदा ही चित्रपट दिग्दर्शक मास्टर विनायक, म्हणजे विनायक दामोदर कर्नाटकी यांची मुलगी. त्यांचा 'हंस पिक्चर्स'चा 'ब्रह्मचारी' १९३८मध्ये गाजला आणि ८ जानेवारी १९३९ला कोल्हापुरात तिचा जन्म झाला. १९४२मध्ये मास्टर दीनानाथ गेले. बारा-तेरा वर्षांच्या लताला चित्रपटात काम देऊन मंगेशकर कुटुंबाला आधार दिला तो याच विनायकरावांनी. १९४५मध्ये त्यांची कंपनी मुंबईला हलली, तेव्हा लताही मुंबईत आली.

'मंदिर' या चित्रपटासाठी विनायकरावांना एक लहान मुलगा हवा होता आणि त्यांनी घरातलीच मुलगी निवडली. शाळेतून आलेल्या नंदाला आईने हे सांगितलं, तेव्हा मुलाच्या कामासाठी केस कापायचे म्हणून ती हट्टाला पेटली. आईने समजूत काढली, तेव्हा कुठे ती तयार झाली. चित्रपट पुरा व्हायच्या आतच, १९ ऑगस्ट १९४७ला, विनायकराव गेले. वय अवघं एक्केचाळीस. राहिलेलं काम दिनकर पाटलांनी पूर्ण केलं आणि १९४८च्या 'मंदिर'मधून 'बेबी नंदा' पडद्यावर आली. पाच वर्षांपूर्वी ज्या घराने लताला हात दिला, त्याच घरातल्या आठ वर्षांच्या मुलीवर आता तशीच वेळ आली होती. हा योगायोग मला फार अस्वस्थ करतो. तिचं बालपण स्टुडिओत गेलं ते घरच्या गरजेपोटी.

'जग्गू', 'अंगारे' अशी बालभूमिकांची वाट संपत आली, तेव्हा मराठीत 'कुलदैवत', 'शेवग्याच्या शेंगा', 'देवघर' हे चित्रपट मिळाले. नात्यातल्याच व्ही. शांताराम यांनी 'तूफान और दिया'मध्ये (१९५६) तिला मोठी भूमिका दिली. ही भावा-बहिणीची गोष्ट होती. पुढच्या वर्षी 'भाभी' आला, मग एल. व्ही. प्रसादांचा 'छोटी बहन', ज्यात दृष्टी गमावलेली बहीण तिने इतकी सच्ची उभी केली की तोच तिच्यावरचा शिक्का ठरला. 'आँचल'साठी तिला सहायक अभिनेत्रीचं फिल्मफेअर मिळालं. पुरस्कार मोठाच, पण नायिका होण्याचा रस्ता त्याने सोपा झाला नाही.

'हम दोनो'तही (१९६१) ती देव आनंदची सोशिक पत्नी आहे. त्यातलं 'अल्ला तेरो नाम' पाहावं: हातवारे जवळजवळ नाहीत, सगळं काम डोळे करतात. आवाज अर्थातच लताचा. विनायकरावांच्या कंपनीत उमेदवारी केलेली मुलगी आता त्यांच्या लेकीसाठी गात होती.

शिक्का पुसला तो १९६५मध्ये. शशी कपूर नवखा होता, त्याचे चित्रपट चालत नव्हते आणि नावाजलेल्या नायिका त्याच्याबरोबर काम करायला कचरत. नंदाने 'चार दीवारी' आणि 'मेहंदी लगी मेरे हाथ'नंतरही त्याची साथ सोडली नाही. 'जब जब फूल खिले'मध्ये काश्मीरला आलेली श्रीमंत घरची रीटा तिने रंगवली आणि दोघांचंही नशीब फळफळलं. त्याच वर्षी 'गुमनाम' आला.

तरी तिचं सर्वांत धाडसाचं काम माझ्या मते 'इत्तेफाक' (१९६९). एका रात्रीची गोष्ट, एकही गाणं नाही, महिनाभरात उरकलेलं चित्रीकरण. यश चोप्रांनी या भूमिकेत सोज्वळ नंदाला घेतलं तिथेच अर्धी बाजी मारली. तिने रंगवलेली बाई काही लपवत असेल अशी शंका प्रेक्षकाला सहजी येत नाही, कारण 'छोटी बहन' त्याच्या मनात पक्की बसलेली असते.

१९७२च्या 'शोर'नंतर तिच्या भूमिका विरळ होत गेल्या. पुढे ती परतली ती आईच्या भूमिकांत. 'आहिस्ता आहिस्ता' आणि राज कपूरच्या 'प्रेम रोग'मध्ये (१९८२) ती पद्मिनी कोल्हापुरेची आई झाली. पद्मिनीही लहानपणापासून कॅमेऱ्यापुढे वावरलेली, 'सत्यम शिवम सुंदरम'मधली छोटी रूपा. पस्तीस वर्षांपूर्वी केस कापायला नाही म्हणणाऱ्या मुलीसमोर आता तशाच एका मुलीचं करिअर आकार घेत होतं. १९८३च्या 'मजदूर'नंतर नंदाने चित्रपटांतून निवृत्ती घेतली.