हॅरी व्हॉन झेल आणि ‘हूबर्ट हीव्हर’: पार्श्वभूमी

अमेरिकन रेडिओवरच्या फजितीच्या किश्श्यांची यादी निघाली की हॅरी व्हॉन झेलचं नाव हमखास येतं. राष्ट्राध्यक्ष हर्बर्ट हूव्हर यांचं नाव घेताना त्याची जीभ घसरली आणि प्रक्षेपणात गेलं ‘हूबर्ट हीव्हर’. चूक घडली, त्याच्याच तोंडून घडली आणि त्याने ती कधी नाकारलीही नाही. मात्र आज ती ज्या थाटात सांगितली जाते, तशी ती घडलेली नाही. आणि या एका किश्श्याखाली त्याची पन्नासेक वर्षांची कारकीर्द पार झाकून गेली आहे, हे जास्त वाईट झालं.

सुरुवातीचा भाग थोडक्यात. जन्म ११ जुलै १९०६ रोजी, इंडियानापोलिसमध्ये. पुढे कुटुंब कॅलिफोर्नियात आलं. पोटापाण्यासाठी किरकोळ नोकऱ्या करता करता तो गाण्याच्या जोरावर रेडिओत शिरला. गायक म्हणून शिरलेला हा मुलगा निवेदक म्हणून टिकला, कारण स्वर बरा होता पण बोलणं त्याहून सरस होतं. १९२९ मध्ये पॉल व्हाइटमनच्या वाद्यवृंदाच्या कार्यक्रमासाठी निवेदक निवडायचा होता. अनेक उमेदवारांमधून निवड त्याची झाली. तिथून तो न्यूयॉर्कला गेला आणि एका मोठ्या नेटवर्कमध्ये पगारी निवेदक झाला.

पगारी निवेदक म्हणजे पडेल ते काम. केंद्राची ओळख सांगायची, हॉटेलातून चाललेल्या नाचगाण्याची घोषणा करायची, मध्येच बातमी वाचायची, रात्री उशिरा शेवटची सूचना देऊन मोकळं व्हायचं. सगळं थेट. तेव्हाची मोठी नेटवर्कं ध्वनिमुद्रित कार्यक्रम लावतच नसत आणि हा दंडक चाळिशीच्या दशकाच्या उत्तरार्धापर्यंत टिकला. पूर्व किनाऱ्यासाठी संध्याकाळी केलेला कार्यक्रम पश्चिम किनाऱ्यासाठी तीन तासांनी पुन्हा जसाच्या तसा करावा लागे. तेच कलाकार, तेच वाद्यवृंद, तेच विनोद. अशा कामात जीभ कधीच घसरली नाही असा निवेदक सापडणं अवघड. फरक एवढाच, की बहुतेकांच्या चुका त्याच रात्री हवेत विरून गेल्या.

१९३१ मध्ये ‘द मार्च ऑफ टाइम’ हा बातम्यांचं नाट्यरूपांतर करणारा कार्यक्रम सुरू झाला. आठवड्याच्या घडामोडी नट मंडळी साकारत आणि निवेदक त्या धाग्यात ओवत जाई. या कार्यक्रमाच्या सुरुवातीच्या निवेदकांत व्हॉन झेल होता. कार्यक्रमाची ओळख बनलेला भारदस्त आवाज मात्र त्याच्यानंतर आलेल्या माणसाचा. त्यामुळे तिथलंही श्रेय व्हॉन झेलच्या वाट्याला फारसं आलं नाही. तरी एक गोष्ट लक्षात घ्यायला हवी: गंभीर मजकूर ज्याच्या हाती निर्धास्त सोपवावा असा तो निवेदक होता. हूव्हर यांच्याबद्दलचं निवेदन त्याच्याकडे आलं ते याच काळात.

आता मूळ प्रसंग. साल १९३१. हूव्हर यांच्या वाढदिवसानिमित्त नेटवर्कने त्यांच्या जीवनकार्यावर एक खास कार्यक्रम केला. हूव्हर स्टुडिओत नव्हते. ते भाषण करणार नव्हते आणि त्यांची ओळख करून द्यायचीही नव्हती. नुकतीच पंचविशी ओलांडलेला व्हॉन झेल त्यांच्या कारकिर्दीचा लांबलचक आढावा वाचत होता. त्या मजकुरात अध्यक्षांचं नाव अनेकदा येत होतं आणि प्रत्येक वेळी त्याने ते नीट उच्चारलं. शेवटाकडे येताना, काम जवळजवळ संपलं असताना, नाव उलटंपालटं झालं.

आज जी ध्वनिफीत ऐकवली जाते ती भलतंच सांगते. तिच्यात निवेदक रुबाबात ‘सभ्य स्त्रीपुरुषहो, अमेरिकेचे अध्यक्ष’ असं म्हणतो, क्षणभर थांबतो आणि ‘हूबर्ट हीव्हर’ म्हणून मोकळा होतो. ऐकणाऱ्याला वाटतं, आता पुढच्या क्षणी खुद्द अध्यक्ष माइकसमोर येणार आणि हा बिचारा त्यांच्या शेजारी उभा आहे. हे १९३१ चं प्रक्षेपण नव्हे. पन्नाशीच्या दशकात रेडिओ-टीव्हीवरच्या चुकांच्या तबकड्या काढून एका निर्मात्याने जोरदार धंदा केला; ही त्या तबकड्यांसाठी नंतर मुद्दाम करून घेतलेली नक्कल आहे. ज्या प्रसंगांचं मूळ मुद्रण हाती नव्हतं, त्यांतले कित्येक त्याने नटांकडून बोलवून घेतले. ऐकणाऱ्याला खरं कुठलं आणि नंतर बनवलेलं कुठलं हे कळावं अशी काळजी त्या तबकड्यांत घेतलेली नाही.

काही जण म्हणतात, शब्द तर तेच आहेत, मग प्रसंग थोडा बदलला तर काय बिघडलं? माझ्या मते पुष्कळ बिघडलं. लांब मजकूर वाचताना थकलेल्या जिभेने शेवटी दगा देणं ही कामाच्या ओघात घडणारी चूक आहे. राष्ट्राध्यक्ष शेजारी उभे असताना दोन शब्दांचं नाव धड न घेता येणं म्हणजे नालायकपणा झाला. पहिली गोष्ट घडली होती, माणसाच्या नावावर चढली दुसरी. त्याच तबकड्यांत न्यूयॉर्कच्या एका बालकार्यक्रमाच्या निवेदकाचाही किस्सा आहे. माइक बंद झालाय असं समजून तो मुलांना शिवी हासडतो, असं त्यात ऐकू येतं. ती दंतकथा तबकडीच्याही आधीपासून फिरत होती, तसं खरंच घडल्याचं कधी सिद्ध झालं नाही आणि तरीही नकलेमुळे लोकांनी ‘मी स्वतः ऐकलंय’ असं शपथेवर सांगायला सुरुवात केली. व्हॉन झेलच्या बाबतीत निदान मुळाशी खरा प्रसंग होता. पण ‘ऐकलंय’ म्हणणारे बहुतेक जण पन्नाशीतली नक्कल ऐकलेले आहेत.

चूक नेमकी कशी झाली तेही पाहण्यासारखं आहे, कारण तिला सरसकट ‘अक्षरांची अदलाबदल’ म्हटलं जातं. हर्बर्ट आणि हूव्हर ही दोन्ही नावं ‘ह’ने सुरू होतात. एकाच ध्वनीने सुरू होणारे दोन शब्द लागोपाठ आले की त्यांचे पुढचे स्वर जागा सोडून पळण्याची शक्यता वाढते. ‘हूव्हर’चा ‘ऊ’ आधीच पुढे सरकला आणि ‘हूबर्ट’ झालं. सरळ अदलाबदल झाली असती तर पुढचा शब्द ‘हर्व्हर’ यायला हवा होता. तसा तो आला नाही. पहिला शब्द हातचा गेल्यावर ‘ऊ’ वापरून झालाय हे जिभेला कळलं आणि ऐन वेळी तिने मिळेल तो स्वर उचलला, असं मला वाटतं. म्हणून ‘हीव्हर’. यात चेष्टेचा किंवा राजकारणाचा वास शोधणारे होते आणि आहेत. महामंदीच्या त्या दिवसांत बेघरांच्या झोपडपट्ट्यांनाच लोक ‘हूव्हरव्हिल’ म्हणू लागले होते, तेव्हा अध्यक्षांच्या नावाची मोडतोड ऐकायला लोक उत्सुक होते हे खरं. किस्सा टिकला त्यात या वातावरणाचा वाटा असावा. निवेदकाच्या मनात मात्र तसं काही असण्याचं कारण नव्हतं.

शिवाय या चुकीने त्याची नोकरी गेली नाही. उलट पुढची दहा-पंधरा वर्षं त्याच्या चढतीची आहेत. ॲडमिरल बर्ड यांच्या दक्षिण ध्रुवाकडच्या मोहिमेची प्रसारणं त्याने सांभाळली. पुढे तो एका मोठ्या जाहिरात संस्थेच्या पदरी गेला. इथे आपल्याकडच्या वाचकाला थोडं अडखळायला होईल. विविध भारतीवर जाहिराती आल्या त्याच १९६७ मध्ये, मुंबई, पुणे आणि नागपूर केंद्रांपासून. त्यामुळे कार्यक्रम आकाशवाणीचा आणि निवेदकही आकाशवाणीचा हेच आपल्या डोक्यात बसलेलं. अमेरिकेत तेव्हा नेटवर्क वेळ विकत असे, कार्यक्रम बांधायचं काम प्रायोजकाची जाहिरात संस्था करत असे आणि निवेदक हा प्रायोजकाचा माणूस असे. टूथपेस्ट खपली तर विनोदी कलाकाराचा कार्यक्रम चालू राहणार, आणि टूथपेस्टचं नाव घ्यायचं काम निवेदकाचं.

विनोदी कलाकार फ्रेड ॲलनच्या ‘टाउन हॉल टुनाइट’ या रेडिओ कार्यक्रमात व्हॉन झेलने हेच केलं. प्रायोजकाची दोन उत्पादनं होती, इपाना ही टूथपेस्ट आणि साल हेपाटिका हे पोट साफ करायचं औषध. चाळिशीच्या दशकात तो एडी कँटर या दुसऱ्या विनोदी कलाकाराच्या कार्यक्रमात गेला, तिथेही हीच दोन. दात आणि पोट यांबद्दल वर्षानुवर्षं तेच तेच सांगायचं आणि ऐकणाऱ्याने रेडिओचा कान पिळू नये याचीही काळजी घ्यायची, हे कसबाचं काम होतं. ॲलन आणि कँटर दोघेही निवेदकाला नुसतं उभं ठेवत नसत. त्याला टोमणे बसत, प्रहसनात छोट्या भूमिका मिळत. निवेदकाचा नट व्हायला सुरुवात झाली ती इथे.

चित्रपटांत तो चाळिशीच्या दशकाच्या मध्यापासून दिसू लागला. १९४५ च्या ‘द स्ट्रेंज अफेअर ऑफ अंकल हॅरी’मध्ये त्याची दुय्यम भूमिका आहे. ‘थ्री स्टूजेस’ या विनोदी त्रिकुटाचे लघुपट काढणाऱ्या स्टुडिओने त्याला घेऊन विनोदी लघुपटांची एक मालिकाही केली. मला त्याचं सगळ्यात चांगलं काम १९५० च्या ‘व्हेअर द साइडवॉक एंड्स’मधलं वाटतं. फाशांच्या जुगारात घसघशीत रक्कम जिंकणारा टेक्ससचा धनाढ्य पाहुणा मॉरिसन त्याने केलाय. मॉरिसन फार वेळ पडद्यावर राहत नाही; त्याचा खून होतो आणि चित्रपटाचं पुढचं सगळं त्या खुनावर चालतं. खिशात पैसा खुळखुळणाऱ्या माणसाचा मोकळेपणा व्हॉन झेलने असा उभा केला आहे, की त्याचं जाणं जाणवतं. गडद गुन्हेपटात हा हसरा चेहरा घेण्याची निवड दिग्दर्शकाची, पण ती सार्थ केली नटाने.

घराघरांत त्याचा चेहरा पोचला तो टीव्हीमुळे. जॉर्ज बर्न्स आणि ग्रेसी ॲलन या जोडप्याचा विनोदी कार्यक्रम ऑक्टोबर १९५० मध्ये सुरू झाला. पहिला निवेदक स्वतःच्या कार्यक्रमासाठी वर्षभरात बाहेर पडला आणि १९५१ मध्ये त्याच्या जागी व्हॉन झेल आला. १९५८ मध्ये ग्रेसी निवृत्त होईपर्यंत तो तिथे होता. कार्यक्रमाचे एकूण २९१ भाग झाले, त्यातल्या बहुसंख्य भागांच्या काळात निवेदक हाच.

इथे तो ‘हॅरी व्हॉन झेल’ याच नावाने वावरतो, जॉर्जच्या कार्यक्रमाचा निवेदक आणि घरचा मित्र म्हणून. स्वभावाने भला आणि भिडस्त. ग्रेसीच्या डोक्यात एखादी अजब कल्पना येते आणि ती मदतीला हॅरीलाच धरते. त्याला दिसत असतं की यात आपण अडकणार, पण नाही म्हणवत नाही. तिकडे जॉर्ज आपल्या खोलीतल्या टीव्हीवर या दोघांचं कारस्थान पाहत असतो, प्रेक्षकांशी थेट बोलत त्यावर शेरे मारतो आणि मग साळसूदपणे खाली उतरून हॅरीला कोंडीत पकडतो. भाग संपता संपता ठरलेली शिक्षा: नोकरीवरून हकालपट्टी. पुढच्या भागात हॅरी पुन्हा हजर. काहीतरी लपवायचं असताना त्याचा आवाज हळूहळू वर चढत जातो, वाक्यं अर्धी तुटतात आणि तोंडावरचं हसू मात्र तसंच राहतं. आवाजावर असा ताबा रेडिओत मुरलेल्या माणसालाच जमेल.

कार्यक्रमातल्या या घराच्या स्वयंपाकघरात जाहिरातही व्हायची. प्रायोजक कार्नेशन या डबाबंद दुधाची कंपनी. कथा थांबवून जाहिरात दाखवण्याऐवजी हॅरी बोलता बोलता दुधावर येई. ग्रेसीला तो विषय तिच्या पद्धतीने कळे, आणि तिचं उत्तर ऐकेपर्यंत जाहिरात होऊनही गेलेली असे. टीकाकारांनी या प्रकाराला नाकं मुरडली आहेत, आणि कथेत माल घुसवण्यावरचा त्यांचा आक्षेप रास्तच आहे. तरी हे काम अंगाला न लागू देता करणारे निवेदक थोडे होते. मित्राची भूमिका न मोडता विक्रेत्याचं काम करायचं, आणि प्रेक्षकाला दोन्ही ठाऊक असताना, हे सोपं नव्हतं.

ग्रेसी निवृत्त झाल्यावर तीच मंडळी घेऊन जॉर्जने एकट्याच्या नावाने कार्यक्रम काढला, त्यातही व्हॉन झेल होता. तो १९५८-५९ चा एकच हंगाम चालला. ग्रेसीशिवाय त्याला आधारच राहिला नाही. याच सुमारास व्हॉन झेलने लेखणी हाती घेतली आणि ‘वॅगन ट्रेन’ या पश्चिमेकडच्या वसाहतींच्या मालिकेसाठी लिहिलंही. पुढच्या काळात इतरांच्या मालिकांत पाहुणा म्हणून तो दिसत राहिला. उतारवयात कॅलिफोर्नियातल्या एका बचत-कर्ज संस्थेच्या जाहिरातींचा तो चेहरा झाला.

२१ नोव्हेंबर १९८१ रोजी कॅलिफोर्नियात कर्करोगाने त्याचं निधन झालं. वय ७५. १९५२ पासून बर्न्स-ॲलन कार्यक्रम फिल्मवर चित्रित होऊ लागला होता, त्यामुळे त्यातलं व्हॉन झेलचं काम शाबूत आहे आणि आजही पाहता येतं. हूव्हर यांच्या किश्श्याची तबकडीही अजून ऐकवली जाते, बहुतेक वेळा ती नक्कल असल्याचं न सांगता.